जपानी मनोरंजनाचं कौतुक करा, पण तिथली 'हवा' पण दाखवा

मा. संपादक,
स.न.वि.वि.

गेल्या रविवारच्या पुरवणीत जपानच्या ॲनिमे आणि आयडॉल ग्रुप्सवर (म्हणजे गाणाऱ्या-नाचणाऱ्या तरुण मुलामुलींच्या ग्रुप्सवर) मोठा लेख होता तो वाचला. भावाने व्हॉट्सॲपवर पाठवला होता, खाली लिहिलं होतं "तुझ्या जपानची तारीफ आलीये बघ". मी गेली ११ वर्षं टोकियोशेजारच्या सैतामात राहते, रोज लोकल पकडून टोकियोत ऑफिसला जाते, त्यामुळे लेखातलं बरंचसं डोळ्यासमोरचंच होतं. शिस्त, नम्रपणा, ग्रुपसाठी स्वतःला विसरणं, सीनियरचा मान, हे सगळं खरं आहे, त्यातला एक शब्द खोटा नाही. पण लेख जिथे संपला ना, खरा विषय तिथून सुरू होतो असं मला वाटलं, कारण ज्या गुणांचं आपण एवढं कौतुक करतो त्याच गुणांच्या आडोशाला इथे एका माणसाने चाळीसेक वर्षं पोरांवर अत्याचार केले आणि सगळी इंडस्ट्री, टीव्ही, पेपर, सगळे गप्प बसले. तुम्ही पेपरवाले आहात म्हणून मुद्दाम तुम्हालाच लिहितेय.

आधी जे खरंच सुंदर आहे ते सांगते. इथल्या मनोरंजनाच्या जगाला गेइनोकाइ म्हणतात आणि त्या जगात रात्री ११ ला शूटिंगला पोचलात तरी आल्या आल्या म्हणायचं काय, तर 'ओहायो गोझाइमासु', म्हणजे सकाळचा नमस्कार. मला हे फार विचित्र वाटायचं. मग आमच्या बिल्डिंगमधले एक काका, जे आयुष्यभर नाटकाच्या थिएटरात साउंडचं काम करत होते, त्यांनी समजावलं की अगं, दुपारच्या आणि रात्रीच्या नमस्काराला आदराचं रूपच नाहीये, 'कोन्निचिवा'ला पुढे काही जोडता येत नाही, 'ओहायो'ला मात्र 'गोझाइमासु' लावून मान देता येतो, आणि आमच्या लाइनीत समोरचा सीनियर असणार हे धरूनच चालायचं असतं. विनोदी कलाकारांमध्ये तर वय बघतच नाहीत, लाइनीत आधी कोण आला ते बघतात. तुमच्यापेक्षा पाच वर्षांनी लहान पोरगा जर तुमच्याआधी स्टेजवर उभा राहिला असेल तर तो तुमचा सेनपाई, म्हणजे सीनियर, आणि एकत्र जेवायला गेलात तर बिल सेनपाईने द्यायचं, त्याच्या खिशात पैसे असोत की नसोत.

काबुकी या इथल्या जुन्या नाटकाच्या प्रकारात तर नावच वारशाने मिळतं. २०२२ च्या नोव्हेंबरात टोकियोच्या काबुकीझा थिएटरात इचिकावा दांजुरो हे नाव तेराव्या माणसाने धारण केलं, सतराव्या शतकापासून चालत आलेलं नाव आहे ते. नट डोळे फिरवून पोझ घेतो तेव्हा मागून वरच्या मजल्यावरून एखादा जाणकार प्रेक्षक बरोब्बर त्या क्षणाला 'नारितायाऽ' अशी त्याच्या घराण्याची हाक देतो, एक सेकंद इकडे तिकडे नाही. अंगावर काटा येतो. आणि गंमत बघा, काबुकी सुरू केली एका बाईने, ओकुनीने, १६०३ मध्ये क्योटोत, पण १६२९ मध्ये सरकारने बायकांना स्टेजवर बंदी घातली आणि मग बायकांच्या भूमिका पुरुष करायला लागले ते आजपर्यंत. ज्या भाषेत बालगंधर्वांचं नाव आजही घेतलं जातं त्या भाषेच्या वाचकांना हे वेगळं समजावून सांगायची गरज नाही.

याच्या बरोबर उलटं ताकाराझुका. एका रेल्वे कंपनीच्या मालकाने आपल्या लाइनीच्या शेवटच्या स्टेशनावर लोक यावेत म्हणून फक्त मुलींची नाटक कंपनी काढली, पहिला शो १९१४ मध्ये झाला, आज शंभर वर्षं उलटून गेली तरी हीरोपण मुलगीच करते आणि थिएटर भरलेलं असतं. तिथल्या म्युझिक स्कूलमध्ये ज्युनिअर मुलींना एक नियम होता, त्या रेल्वे कंपनीची ट्रेन समोरून गेली की तिला वाकून नमस्कार करायचा, का तर आत एखादी सीनियर बसलेली असू शकते. अहो, ट्रेनला. २०२० मध्ये हा नियम काढला अशी बातमी आली तेव्हा बऱ्याच जणांना गोडच वाटला होता तो नियम. मग २०२३ च्या सप्टेंबरात तिथल्या २५ वर्षांच्या एका कलाकार मुलीचा जीव गेला आणि पुढच्या मार्चमध्ये कंपनीने कबूल केलं की सीनियरांकडून छळ झाला होता, कामाचे तासही अति होते, आणि माफी मागितली. ट्रेनला वाकणं आणि ही बातमी मला तेव्हापासून वेगवेगळी आठवताच येत नाही.

आता मुख्य गोष्ट. जॉनी कितागावा नावाच्या माणसाने १९६२ मध्ये मुलग्यांच्या आयडॉल ग्रुप्सची एजन्सी काढली, लोक तिला नुसतं जॉनीज म्हणायचे. दहा-बारा वर्षांची मुलं अर्ज करायची, ज्युनिअर म्हणून घेतली जायची, मोठ्या ग्रुपच्या मागे नाचायची, आणि कोणाला पुढे आणायचं, कधी, कुठल्या ग्रुपमधून, हे ठरवणारा एकच माणूस. स्मॅप, अराशी, असे गाजलेले ग्रुप सगळे तिथलेच. या मुलांशिवाय इथे टीव्ही चालतच नव्हता, सीरियल त्यांची, गेम शो त्यांचे, जाहिराती त्यांच्या, रात्रीच्या बातम्या सांगणाऱ्यांतही त्यांच्यातला एक. १९९९ मध्ये शुकान बुन्शुन या साप्ताहिकाने लेखमाला छापली की हा माणूस मुलांचं लैंगिक शोषण करतोय. एजन्सीने बदनामीचा दावा लावला. २००३ मध्ये टोकियो हायकोर्टाने बाकी काही मुद्द्यांवर साप्ताहिकाने द्यायची भरपाई कमी करून ठेवली पण शोषणाचा जो भाग होता तो मुख्यतः खरा आहे असं स्पष्ट म्हटलं, २००४ मध्ये सुप्रीम कोर्टातही तेच टिकलं. झालं, इथे संपायला हवं होतं ना सगळं? मोठ्या पेपरांत कुठेतरी आतल्या पानावर चार ओळी आल्या, टीव्हीवर तर चकार शब्द नाही, आणि पुढची कितीतरी वर्षं आयांनी आपली मुलं तिथेच नेऊन सोडली कारण त्यांना कोणी सांगितलंच नाही. २०१९ मध्ये तो माणूस वारला तेव्हा टोकियो डोममध्ये निरोपाचा कार्यक्रम झाला आणि पंतप्रधानांचा शोकसंदेश वाचून दाखवला गेला.

मार्च २०२३ मध्ये बीबीसीने डॉक्युमेंटरी दाखवली, एप्रिलमध्ये एक जुना ज्युनिअर स्वतःच्या नावानिशी पत्रकारांसमोर बसला, ऑगस्टमध्ये चौकशी समितीचा रिपोर्ट आला की कमीत कमी धरले तरी काही शे पीडित असतील, आणि त्या रिपोर्टात कारणं देताना माध्यमांचं मौन हे एक कारण म्हणून लिहिलंय. संपादकसाहेब, हे वाक्य माझ्या मनातून जात नाही. ऑक्टोबरमध्ये एजन्सीने नावच बदललं, नंतर ५०० हून जास्त लोकांना भरपाई दिली गेली, आणि २०२३ च्या ३१ डिसेंबरला एनएचके या सार्वजनिक चॅनेलच्या 'कोहाकु'मध्ये, जो गाण्यांचा कार्यक्रम इथे घरोघरी लावतात, ४४ वर्षांत पहिल्यांदा त्या एजन्सीचा एकही ग्रुप नव्हता.

माझ्या ऑफिसात माझ्या शेजारी बसणारी एक बाई आहे, माझ्यापेक्षा मोठी, टेस्टिंगमधलं सगळं मला तिनेच शिकवलं. ती त्या एजन्सीच्या एका ग्रुपची वीस वर्षांपासूनची फॅन. तिने मला एकदा कॉन्सर्टला नेलं होतं. तिकीट असं खिडकीवर मिळत नाही, फॅन क्लबची लॉटरी लागावी लागते. हातात प्रत्येकीच्या एक गोल पंखा असतो, उचिवा म्हणतात, त्यावर आपल्या लाडक्याचं नाव घरी बसून कात्रीने कापून चिकटवलेलं, चमकीचा कागद वेगळा, किनार वेगळी, तिने तर दोन रात्री जागून केला होता. आणि नियम असा की पंखा छातीच्या वर धरायचा नाही, मागचीला स्टेज दिसलं पाहिजे. पन्नासेक हजार माणसं होती, मी मान वळवून वळवून बघितलं, एकीचाही हात छातीच्या वर गेलेला नव्हता, समोर तो मुलगा दहा फुटांवरून जात असताना सुद्धा. मला त्या दिवशी खरंच भरून आलं होतं की लोक दुसऱ्याचा इतका विचार करू शकतात.

७ सप्टेंबर २०२३ ला एजन्सीची पत्रकार परिषद होती, चार तासांच्या वर चालली. मी पाणी भरायला पँट्रीत गेले तर ही मोबाइल हातात धरून उभी, इअरफोन लावलेले, चेहऱ्यावर काहीच नाही. मी विचारलं ठीक आहेस ना. ती म्हणाली, मला माहीत होतं. सगळ्यांनाच माहीत होतं. त्याबद्दल बोलायची हवा नव्हती.

हवा. कूकी म्हणतात जपानीत. 'कूकी ओ योमु' म्हणजे हवा वाचणं, खोलीत शिरल्या शिरल्या कोणी न सांगता ओळखायचं की इथे काय बोललेलं चालेल आणि काय नाही, आणि ज्याला हे जमत नाही त्याला इथे लहानपणापासून ऐकून घ्यावं लागतं. अजून एक शब्द आहे, सोन्ताकु. वरच्याच्या मनात काय आहे हे त्याने न सांगताच ओळखून तसं करून टाकायचं. २०१७ मध्ये तो इथला त्या वर्षीचा गाजलेला शब्द म्हणून निवडला गेला, तेव्हा राजकारणामुळे, पण टीव्ही आणि जॉनीजबद्दल बोलताना लोक आज तोच शब्द वापरतात. म्हणजे कोणी फोन करून धमकी द्यायची गरजच नाही. चॅनेलवाल्याला आपलं आपण कळतं की ही बातमी लावली तर पुढच्या सीझनला मुलं मिळणार नाहीत. आणि पेपर? इथे मोठे पेपर आणि मोठी चॅनेल एकाच घरातली आहेत, योमिउरीचं निप्पॉन टीव्हीशी, आसाहीचं टीव्ही आसाहीशी, सान्केइचं फुजीशी नातं आहे. मंत्रालयात, पोलिसांत पेपरवाल्यांचे प्रेस क्लब असतात, साप्ताहिकांना त्यात जागा नसते, म्हणून गमावण्यासारखं काही नसलेली साप्ताहिकंच असल्या बातम्या फोडतात आणि मोठे पेपर म्हणतात की ती तर साप्ताहिकातली गॉसिप. कायदा पण तसाच होता, २०१७ पर्यंत बलात्काराच्या कलमात पुरुष पीडित असू शकतो हेच धरलेलं नव्हतं आणि संमतीचं वय २०२३ पर्यंत १३ होतं. पोराने जाऊन सांगायचं तरी कोणाला?

जो बाहेर पडतो त्याचं काय होतं तेही सांगते. यासाठी इथे शब्द आहे होसारेरु, त्याचा शब्दशः अर्थ वाळत घातलं जाणं, आपल्या वाळीत टाकण्याच्या जवळपासचंच आहे ते. एजन्सी सोडली की कामं आपोआप आटतात. १८ जानेवारी २०१६ ची रात्र मला आठवते, स्मॅप फुटणार अशा बातम्या होत्या आणि चॅनेलवर लाइव्ह ते पाच जण, चाळिशीच्या आसपासचे पुरुष, काळे सूट घालून एका रांगेत उभे राहिले आणि वाकून देशाची माफी मागितली. त्यातला एक म्हणाला की जॉनी-सानची माफी मागायची संधी मिळाली. काय गुन्हा केला होता त्यांनी? मी माझ्या नवऱ्याला विचारत होते की हे नक्की कशाबद्दल माफी मागतायत, त्यालाही सांगता येईना. वर्षाच्या शेवटी ग्रुप संपला, तिघांनी एजन्सी सोडली, ते टीव्हीवरून दिसेनासे झाले, आणि २०१९ मध्ये सरकारच्या फेअर ट्रेड कमिशनने एजन्सीला ताकीद दिली की या तिघांना घेऊ नका असा दबाव चॅनेलवर आणला असेल तर ते कायद्यात बसणार नाही. एजन्सीने दबाव नाकारला. मला वाटतं दबाव टाकावाच लागला नसेल, आणि तेच जास्त भयानक आहे. एक अभिनेत्री आहे, एनएचकेच्या सकाळच्या सीरियलमुळे घराघरात पोचलेली, तिने एजन्सीशी फाटल्यावर २०१६ पासून स्वतःचं आईबापांनी ठेवलेलं नाव बाजूला ठेवून 'नोन' एवढ्याच नावाने काम केलं.

मुलींच्या ग्रुपांचं लेखात आलंय त्यामुळे फार लिहीत नाही. एकेबी फोर्टीएट २००५ मध्ये अकिहाबारातल्या छोट्या थिएटरात सुरू झाला तो 'जिला जाऊन भेटता येतं अशी आयडॉल' या कल्पनेवर. सीडी घेतली की हात मिळवायचं तिकीट, काही सेकंद, शेजारी एक माणूस उभा असतो तो खांद्याला धरून पुढे काढतो, त्याला 'सोलणारा' अशा अर्थाचा शब्द आहे. लेखात एवढंच आहे. हे नाही की २०१३ मध्ये त्यातली एक २० वर्षांची मुलगी एका मुलाच्या घरी रात्री राहिली अशी बातमी आली म्हणून तिने स्वतःचं डोकं भादरलं आणि रडत माफी मागणारा व्हिडिओ ग्रुपच्याच चॅनेलवर टाकला गेला. प्रेम करायचं नाही हा नियम. २०१५ मध्ये टोकियोच्या एका कोर्टाने असा नियम मोडणाऱ्या दुसऱ्या एका मुलीला साडेसहा लाख येन भरायला लावले, आणि चारच महिन्यांनी दुसऱ्या निकालात म्हटलं की कोणावर प्रेम करणं हा माणसाचा हक्क आहे. बरं त्या डोकं भादरलेल्या मुलीची बातमी फोडली ती पण शुकान बुन्शुननेच. तेच साप्ताहिक. म्हणून मी त्यांना डोक्यावर घेऊन नाचायला तयार नाही, जे काम मोठ्या पेपरांनी करायला हवं होतं ते त्यांच्यावर सोडलं की असंच होणार.

आता ॲनिमे, ज्याच्यावर तुमच्या लेखात सगळ्यात जास्त जागा गेलीये. १ जानेवारी १९६३ ला तेझुका या कॉमिक्स काढणाऱ्या चित्रकाराची 'ॲस्ट्रो बॉय' ही ॲनिमे मालिका टीव्हीवर सुरू झाली, दर आठवड्याला अर्धा तास. सेकंदाला २४ फ्रेम लागतात, तेवढी चित्रं काढणं शक्यच नव्हतं म्हणून एक चित्र तीन फ्रेम वापरायचं ठरलं, म्हणजे सेकंदाला आठ, आणि तोंडच हलवायचं, बाकी शरीर तसंच ठेवायचं. त्यातून जी शैली जन्माला आली तिच्यावर जग फिदा आहे. पण स्टुडिओने चॅनेलला एपिसोड खर्चापेक्षा स्वस्तात दिला आणि ती स्वस्ताई पुढे सगळ्यांच्या मानेवर बसली. आता पैसे घालते ती प्रॉडक्शन कमिटी, चॅनेल, पब्लिशर, म्युझिक कंपनी, खेळणीवाले असे मिळून, म्हणजे बुडालं तर सगळ्यांचं थोडं थोडं बुडेल, हे पण अगदी जपानीच. चाललं तर नफा कमिटीतल्यांचा. चित्रं काढणारा स्टुडिओ बहुतेक वेळा कमिटीत नसतोच, त्याला ठरलेली मजुरी. २०२३ मध्ये ॲनिमेची उलाढाल ३ लाख कोटी येनच्या वर गेली, परदेशातली कमाई देशातल्यापेक्षा जास्त झाली, त्यातलं चित्रं काढणाऱ्याच्या टेबलापर्यंत किती पोचतं ते बघा.

आमच्या खालच्या मजल्यावरची मुलगी नेरिमातल्या एका स्टुडिओत दोगा करायची. दोगा म्हणजे मुख्य चित्रकाराने सुरुवातीची आणि शेवटची पोझ काढली की मधली सगळी चित्रं काढायची. तिने मला घरी दाखवलं होतं, खाली लाइट असलेला बोर्ड, कागदाला तीन भोकं, ती पट्टीच्या खुंट्यांत अडकवायची म्हणजे कागद हलत नाही, मग डाव्या हाताच्या बोटांमध्ये चार-पाच कागद धरून पुस्तकाची पानं फडफडवल्यासारखे फडफडवायचे आणि बघायचं की केस वाऱ्यावर नीट उडतात का. एका मुलीने मान वळवली, केस मागे गेले, बस एवढंच. त्या दीड सेकंदासाठी तिचा अख्खा दिवस गेला होता. एका चित्राचे साधारण २०० येन. कठीण चित्र असलं तरी तेवढेच. दिवसाला वीस झाली तर खूप झाली, म्हणजे ४,००० येन, आणि टोकियोत किमान वेतन तासाला १,००० येनच्या वर आहे. तिचे आईवडील भाडं भरायचे म्हणून ती दोन वर्षं टिकली. मी विचारलं बोलत का नाहीस, तर म्हणाली माझ्या सेनपाईंनी पण असंच केलं, आणि माझ्याऐवजी यायला बाहेर लोक उभे आहेत. आता ती एका बेकरीत काम करते, केकवर क्रीमने पानं काढते तेव्हा हात अजून तसाच चालतो तिचा.

वेगळं करता येतं हेही इथेच दिसतं. क्योटो ॲनिमेशनने लोकांना पगारावर ठेवलं, स्वतः शिकवलं, बायका तिथे मोठ्या संख्येने होत्या, आणि कामाचा दर्जा असा की बघणारा दोन मिनिटांत ओळखायचा. १८ जुलै २०१९ ला एका माणसाने तिथे आग लावली, ३६ जण गेले. त्या आठवड्यात माझ्या ऑफिसातली ॲनिमे न बघणारी माणसं पण गप्प गप्प होती. ते गप्प बसणं वेगळं होतं.

हवा बदलतेय का? थोडी. जानेवारी २०२५ मध्ये फुजी टीव्हीवर एका नावाजलेल्या होस्टवरच्या लैंगिक गैरवर्तनाच्या आरोपावरून वादळ उठलं, आधी कॅमेऱ्यांना बाहेर ठेवून पत्रकार परिषद उरकली, तर कंपन्यांनी धडाधड जाहिराती काढल्या, टीव्ही लावला की प्रत्येक ब्रेकला तीच सरकारी वाटणारी समाजहिताची जाहिरात, परत तीच. मग दुसरी परिषद घ्यावी लागली ती दहा तासांच्या वर चालली, चेअरमन आणि प्रेसिडेंट दोघांनी राजीनामे दिले. माझी सहकारी म्हणाली बघ, आता बोलायची हवा आहे. मला तेवढा विश्वास नाही, कारण ती हवा जाहिरातवाल्यांनी आणली. पण २०२४ च्या नोव्हेंबरपासून फ्रीलान्स लोकांसाठी कायदा आलाय, काम देताना अटी लेखी द्याव्या लागतात, जिथे हजारो विनोदी कलाकार वर्षानुवर्षं नुसत्या शब्दावर काम करत होते तिथे हे छोटं नाही.

तर विनंती अशी की पुढच्या वेळी जपानवर पुरवणी काढाल तेव्हा स्टेजवर काय दिसतं त्याच्यासोबत ते कोणी किती पैशात केलं, आणि न आवडलेलं बोलणाऱ्याचं पुढे काय झालं, हे पण विचारा. इथे राहणारी मराठी माणसं भरपूर आहेत, भाषा येते, आम्ही मदत करू. माझी सहकारी अजून कॉन्सर्टला जाते, त्या मुलांनी काय केलंय म्हणते, आणि मला ते पटतं. पंखा अजून छातीच्या खालीच धरते.

पत्र फार लांबलंय याची कल्पना आहे. छापताना कात्री लावावी लागली तर लावा, काबुकीचं सगळं काढलं तरी चालेल, पण खालच्या मजल्यावरच्या मुलीचा आणि २०० येनचा परिच्छेद तेवढा ठेवा.

आपली,
एक वाचक, सैतामा, जपान